मदत हवी आहे: अभयारण्यातल्या धरणावर मासेमारी बंद, जाळं जप्त. पुढे काय करावं?

तापीकाठचा
नमस्कार मंडळी. कायद्यातलं कळणारं कुणी असेल तर मार्ग दाखवा.

आमचं गाव धुळे जिल्ह्यात, सातपुड्याच्या पायथ्याशी. वस्ती भिल्लांची, त्यात आम्ही थोडे भोई. आजोबा नदीत मासे धरायचे. धरण झाल्यावर वडील-काका धरणात जाळं टाकू लागले. मग तो भाग अभयारण्यात गेला, तरी इतकी वर्षं फारसं कुणी अडवलं नाही. आता पाण्याजवळ दिसलो तरी वनखात्याचे लोक हाकलतात. परवा काका ट्रकच्या ट्यूबवर बसून जाळं ओढत काठाला आले, तर जाळं, ट्यूब, पाटीतल्या चिलापी आणि मरळ, सगळं उचलून नेलं. पंचनामा नाही, पावती नाही. वर एक कागद पुढे केला, "तडजोडीची रक्कम भरा, सही करा, केस होणार नाही." काकांनी सही केली नाही. जाळं त्यांनी स्वतः विणलेलं होतं, खालच्या शिशाच्या गोळ्यासुद्धा घरीच ओतलेल्या.

ते परत मिळेल का? आणि मासे धरायचा आमचा हक्क कायद्यात बसतो का? गावातले म्हणतात सरळ औरंगाबाद खंडपीठात जा. धरणाचं नाव मुद्दाम देत नाही.

काळा कोट
भाऊ, सही केली नाही हे फार बरं झालं. वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ च्या कलम ५४ मध्ये तडजोड आहे, पण ती गुन्ह्याचा संशय असलेल्या माणसाकडून घेतात. उद्या तोच कागद कबुली म्हणून समोर नाचवला जाईल. जाळ्याबद्दल आधी लेखी अर्ज द्या: कोणत्या कलमाखाली जप्ती, अहवाल कुठे आहे. कलम ५० प्रमाणे जप्त वस्तू विनाविलंब मॅजिस्ट्रेटपुढे न्यावी लागते. अर्जाची पोच घ्या, देत नसतील तर स्पीड पोस्टाने पाठवा.

आता हक्काचं. बंदी हवेतली नाही, वन्यजीव कायद्याचं कलम २९ (अभयारण्यातलं वन्यजीवन परवान्याशिवाय न्यायला मनाई) त्यांच्या बाजूने आहे, हे धरून चला. पण वनहक्क कायदा २००६ च्या कलम ३(१) मध्ये सामूहिक हक्कांत मासे आणि पाण्यातली इतर उत्पन्नं सरळ लिहिली आहेत, आणि त्या कायद्यातल्या वनजमिनीच्या व्याख्येत अभयारण्यंही येतात. शिकार मात्र वगळली आहे. समोरचा वकील मासेमारीला शिकारीत ढकलू पाहील, तेव्हा मासे कायद्यात वेगळे लिहिलेत हे दाखवायचं. वनहक्क कायद्याच्या कलम ४(५) वर मात्र भिस्त ठेवू नका. दाव्याचा निकाल लागेपर्यंत हुसकावू नये असं ते म्हणतं, पण ते ताब्यातल्या जमिनीबद्दल आहे. पाण्याला ते लावून घेणं अवघड.

घोडं पेंड खातं ते पुढे. भिल्ल अनुसूचित जमातीत आहेत. तुम्ही भटक्या जमातीत, म्हणजे या कायद्यात 'इतर पारंपरिक वननिवासी'. तुम्हाला १३ डिसेंबर २००५ च्या आधी तीन पिढ्या, म्हणजे ७५ वर्षं, तिथे राहून जंगलावर पोट असल्याचं दाखवावं लागेल. म्हणून वेगळी चूल मांडू नका, गावाचा मिळून एकच सामूहिक दावा ग्रामसभेत नमुना 'ब' मध्ये टाका. खंडपीठ नंतर. वकिली करतो, तरी सांगतो: ग्रामसभेचा ठराव नसताना रिट याचिका केली तर बहुतेक 'आधी दावा करा' म्हणूनच परत पाठवतील.

तापीकाठचा
७५ वर्षांचा कागद कुठून आणू साहेब? धरणच तेवढं जुनं नाही!

काळा कोट
दाव्यात फक्त धरण लिहू नका. नदीचे डोह लिहा, म्हाताऱ्यांना त्यांची नावं पाठ असतात. वनहक्क कायद्याच्या नियमांतल्या नियम १३ मध्ये सामूहिक हक्काच्या पुराव्यांत मासेमारीच्या जागांचा उल्लेख आहे आणि दावेदार सोडून इतर वडीलधाऱ्यांचे लेखी जबाबही चालतात. जुन्या गॅझेटियरमध्ये भोयांची नोंद शोधा, बुडीत क्षेत्राचा नकाशा काढा.

रानवाटा
पेंचमधल्या तोतलाडोह जलाशयाचा १९९७ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल वाचा. राष्ट्रीय उद्यानात ३०५ आदिवासी कुटुंबांना मध्य प्रदेश सरकारने मासेमारीचे परवाने दिले होते. कोर्टाने ते रद्द केले नाहीत, पण फोटोचं ओळखपत्र, ठरलेला रस्ता, काठावर चूल पेटवायची नाही अशा अटी घातल्या. तेव्हा वनहक्क कायदा नव्हता आणि त्या कुटुंबांकडे परवाने होते, तुमच्याकडे नाहीत. म्हणून जसंच्या तसं लागू होणार नाही. अटी मात्र आत्ताच ठरावात स्वतःहून लिहा: बारीक आसाचं (छिद्रांचं) जाळं नाही, अंडी घालायच्या दिवसांत बंद.

काळा कोट
बरोबर. आणि ग्रामसभेला निम्मे सभासद लागतात, त्यात किमान एक तृतीयांश बाया. कोरम नसला तर दावे तपासणारी उपविभागीय समिती दावा तिथेच परत करेल. वकिलाचा खर्च झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करा. अनुसूचित जमातीला आणि महिलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो.

तापीकाठचा
बायांचं कठीण आहे, कापूस वेचायचे दिवस आहेत. ग्रामसभा संध्याकाळी ठेवायला सांगतो सरपंचांना. ठरावाचा मसुदा आधी कुणी केलेला असेल तर कृपया व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा.