अनुभव धागा: स्पॅनिश सिनेमातलं तुमच्या लक्षात राहिलेलं मूल

स्पॅनिश सिनेमातली मुलं बोलतात कमी, मोठ्यांना न्याहाळतात जास्त. व्हिक्तोर एरिसेच्या 'एल एस्पिरितु दे ला कोलमेना'मधली (१९७३) आना 'फ्रँकेन्स्टाईन' पाहताना बहिणीला विचारते, त्या राक्षसाने मुलीला का मारलं? १९४०चं गाव, यादवी युद्ध नुकतंच संपलेलं. मोठ्यांपैकी कुणी उत्तर देणारं नाही. हुकूमशहा फ्रँको हयात असताना हा चित्रपट सेन्सॉरमधून सुटला, हेच नवल. तुम्हाला कोण आठवतं? शेवट फोडणार असाल तर आधी सांगा.

तिसरीघंटा: कार्लोस साउराचा 'क्रिआ कुएर्वोस' (१९७६). एरिसेच्या सिनेमात आना झालेली आना तोरेंतच यातही. खाण्याचा सोडा म्हणजे जालीम विष, अशी या पोरीची खात्री. लष्करी अधिकारी असलेले वडील आपण दुधात घातलेल्या त्या पुडीनेच गेले, हेही तिने मनात धरलेलं. पण मला हलवलं ते आजीच्या प्रसंगाने. चाकाच्या खुर्चीतली मुकी आजी जुन्या फोटोंसमोर बसलेली, आणि नात तिला सरळ विचारते, तुला मरायचंय का, मी मदत करते. माझी आजी पक्षाघाताने अंथरुणाला खिळली तेव्हा मी साधारण तेवढीच होते. घरात मरणाचं नाव कुणी काढत नसे. मी मात्र तिला विचारलं होतं. ती हसली आणि मान हलवली. हो की नाही, ते कळलं नाही.

निवृत्तमास्तर: शेवट फोडतोय. 'ला लेंग्वा दे लास मारिपोसास' (१९९९), गालिसिया, १९३६. मास्तर मारतील या धास्तीने मोंचो पहिल्याच दिवशी वर्गात चड्डी ओली करून पळतो. मास्तर डॉन ग्रेगोरियो घरी येऊन माफी मागतात. जिल्हा परिषदेच्या शाळेत उभा जन्म गेला, असं करणारे मास्तर क्वचितच पाहिले. शेवटी यादवी सुरू होताच त्यांना प्रजासत्ताकवाले म्हणून ट्रकमध्ये कोंबून नेतात आणि मोंचो दगड मारत मागे धावतो. शिव्यांच्या ओघात त्यांनीच शिकवलेली पक्ष्याची, फुलपाखराच्या सोंडेची नावं ओरडतो. ओरडायला लावणारी आई. तिचा राग येतो मला.

तिसरीघंटा: मास्तर, राग कसला? नवरा प्रजासत्ताकवाला. ती गप्प बसती तर पुढच्या ट्रकमध्ये तोच असता.

वसईकर: आमच्या पॅरिशमध्ये लहानपणी 'मार्सेलिनो पान इ विनो' (१९५५) दाखवला होता. मठात वाढलेला अनाथ मुलगा आईला भेटायचं म्हणून येशूच्या कुशीत प्राण सोडतो, आणि हा म्हणे चमत्कार! सगळे रडले होते. माझ्या मुलांना नाही दाखवणार.

अर्धीकैरी: म्हणूनच मला कार्ला सिमोनचा 'एस्तिउ १९९३' (२०१७) जवळचा. भाषा कातालान, गोष्ट दिग्दर्शिकेच्याच बालपणावर बेतलेली. एड्सने आईवडील गेलेली फ्रिदा मामा-मामीकडे येते आणि छोट्या मामेबहिणीला रानात सोडून देते. मीही मामाकडे वाढले. पोरक्या मुलीने गुणी असावं, हे शेजारणीसुद्धा बजावायच्या. फ्रिदा रुसते, खोटं बोलते, मामीवर डूख धरते. गुणी बिलकूल नाही.