गुन्ह्यात जप्त केलेला पासपोर्ट पोलिसांच्या कपाटात किती दिवस?

शेळगीकर
माझा चुलतभाऊ मस्कतला वेल्डर. रजेवर सोलापूरला आला आणि वहिनीने घातलेल्या छळाच्या गुन्ह्यात दीर म्हणून त्याचंही नाव आलं. पोलिसांनी पंचनामा करून पासपोर्ट घेतला. जामीन मिळाला, त्यात पासपोर्ट जमा करण्याची अट नाही, तरी तो मुद्देमालात पडून आहे. सुरेश नंदा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 2008 सालीच सांगितलंय की पोलीस पासपोर्ट जप्त करू शकतात, पण अडकवून ठेवू शकत नाहीत. तो अधिकार 1967 च्या पासपोर्ट कायद्याच्या कलम 10(3) खाली फक्त पासपोर्ट अधिकाऱ्याचा. तोही कारणं लेखी नोंदवून, आणि त्यावर अपील करता येतं. पुण्याच्या पासपोर्ट कार्यालयाकडून आम्हाला आजवर एक ओळही आलेली नाही. मग हा पासपोर्ट ठेवलाय कुठल्या आदेशाने? माझं स्पष्ट मत आहे, पासपोर्ट परत मागणारे अर्ज कोर्टाने पहिल्या एक-दोन तारखांत निकाली काढावेत.

साखरपेठ_सोलापूर
दादा, दुसरी बाजूही बघा. माझ्या बहिणीचा नवरा गुन्हा दाखल झाल्यावर दुबईला गेला. समन्स त्याच्या इथल्या पत्त्यावर जातं आणि 'सदर इसम मिळून येत नाही' असा शेरा घेऊन परत येतं. पोटगीचा हुकूम हातात आहे, वसूल कुणाकडून करायची? लेकीची शाळेची फी माझे वडील भरतात. सुटून गेलेल्या माणसाला परत आणणारी कुठलीच यंत्रणा आमच्यासारख्यांच्या वाट्याला येत नाही. पासपोर्ट कोर्टाच्या ताब्यात आहे म्हणून तरी माणूस तारखेला उभा राहतो.

शेळगीकर
ताई, तुमच्या बहिणीवर अन्यायच झालाय. पण त्यावर कायद्यात वाट आहे. कोर्टाने समन्स किंवा वॉरंट काढलं असेल तर 10(3)(एच) खाली पासपोर्ट अधिकाऱ्याकडे जाता येतं. तिथे समोरच्याला निदान आदेशाची प्रत तरी मिळते. आमच्या पोराचा मस्कतचा परवाना सहा महिने बाहेर राहिल्यावर धोक्यात येतो. नोकरी गेली तर त्याच्या आईबापाने काय खायचं?

वकील_पार्कचौक
जिल्हा न्यायालयात रोज हे बघतो म्हणून सांगतो. मुद्देमाल परत मागण्याचा अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 497 किंवा 503 खाली करा. म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतली 451 आणि 457. वेळ जातो तो सरकारी वकिलांच्या 'से'मध्ये, म्हणजे अर्जावरच्या लेखी म्हणण्यात. तपास अधिकाऱ्याचा अहवाल नाही म्हणून तारीख, मग फिर्यादीला ऐकायचं म्हणून तारीख. अर्जाला कंपनीचं पत्र, व्हिसाची प्रत, तिकडचा पत्ता आणि परत येण्याचं हमीपत्र जोडा. नुसतं 'नोकरी जाईल' लिहिलेले अर्ज टिकत नाहीत. नामंजूर झाला तर आता मुंबई गाठायला नको. 18 ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच सुरू आहे, सोलापूर त्यातच येतं.
आणि पासपोर्टची मुदत संपत आली असेल तर आत्ताच बघा. फौजदारी खटला चालू असताना नवा पासपोर्ट हवा तर 1993 च्या अधिसूचनेप्रमाणे कोर्टाची परवानगी लागते. कोर्टाने मुदत लिहिली नाही तर एकच वर्षाचा मिळतो.

साखरपेठ_सोलापूर
वकीलसाहेब, हमीपत्र आमच्या दाजींनीही दिलं होतं. जामीनदार त्यांचाच मामा. माणूस आला नाही म्हणून त्या मामाला आजवर कुणी विचारलेलं नाही. पासपोर्ट द्यायचाच असेल तर आधी रोख रक्कम कोर्टात भरून घ्या, आणि बाईचं म्हणणं ऐकल्याशिवाय देऊ नका. पासपोर्ट अधिकाऱ्याकडे जा म्हणणं सोपं आहे. तो अर्ज पुण्याला कोण नेऊन देणार? माझी बहीण टॉवेलच्या कारखान्यात शिलाई करते, खाडा झाला की पगार कापतात.

शेळगीकर
रोख रकमेची अट घातली तर आम्ही भरू, जमिनीचा उतारा ठेवू. फिर्यादीलाही जरूर ऐका. पण काहीतरी आदेश करा. नामंजूर तर नामंजूर, कोल्हापूरला जायला कागद तरी हातात पडेल. इथे नुसत्या तारखा पडताहेत.

वकील_पार्कचौक
पुढच्या तारखेला 'से' आला नाही तर त्याविना सुनावणी घ्या असा लेखी अर्ज द्या. रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवसाच्या कामकाजाच्या नोंदीत, त्याची नोंद होईल हे बघा. ताई, तुमच्या बहिणीला जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील फुकट मिळतो, महिलांना उत्पन्नाची अट नाही. पासपोर्ट कार्यालयाचा अर्ज वकिलाकडून लिहून घ्या, वॉरंटची नक्कल जोडा आणि स्पीड पोस्टाने पाठवा. खाडा करायला नको.