फिनेल नको, आधी टॉर्च आणा

सोफ्यामागे बोक्याने शू केल्याचा वास जात नाही, या तुमच्या प्रश्नावर कुणीतरी फिनेलने पुसायचा सल्ला दिलाय, तेवढा कृपया ऐकू नका. फिनेलातले फिनॉल मांजराच्या यकृताला नीट पचत नाही, आणि ही मंडळी ओल्या फरशीवरून चालून तेच पंजे चाटत बसतात. ब्लीचही नको, शूमधल्या अमोनियाशी मिळून त्याचा विषारी वायू होतो.

आमच्या सदाशिव पेठेतल्या घरात बोक्याने शू करायला दिवाणाखालचा कोपरा धरला होता. उन्हाळाभर शांतता, आणि जूनचा पहिला पाऊस पडला तसा वास परत हजर! शूमधले युरिक ॲसिडचे स्फटिक पाण्याने जात नाहीत, हवा दमट झाली की पुन्हा घमघमतात. साबणाने घासून मी नुसते हात दुखवून घेतले. शेवटी एन्झाइमवालं, म्हणजे हे स्फटिक फोडणारं क्लीनर आणलं. ते शिंपडून लगेच पुसायचं नाही, डाग पार भिजवायचा आणि आपोआप वाळू द्यायचा. आम्हाला दोनदा करावं लागलं. मग रात्री दिवे घालवून यूव्ही टॉर्च (जिच्या जांभळ्या उजेडात शूचे डाग चमकतात ती) मारली, तर भिंतीवर वीतभर उंचीवर ओघळ चमकत होते. मी आपली महिनाभर फरशीच पुसतेय!

व्हिनेगर शहाबादी किंवा संगमरवरी फरशीवर टाकू नका, आम्ल तो दगड खातं.

आणि तुमचा बोका शूला सारखा बसतोय पण थेंबच येतोय, असं असेल तर साफसफाई राहू दे, त्याच दिवशी डॉक्टरकडे न्या. मूत्रमार्ग तुंबला तर जिवावर बेततं.