संकलक म्हणजे नुसता कात्रीवाला?

रीळवेडी: काल इथे कुणीतरी लिहिलं, "'मेमोरीज ऑफ अंडरडेव्हलपमेंट' म्हणजे सबकुछ आलेआ. एडिटर काय, सांगितलं तिथे कापतो." डोकंच फिरलं. आलेआ त्याचा दिग्दर्शक, मान्य. पण तो सिनेमा आणि दिग्दर्शक सोलासचा 'लुसिया', दोन्ही क्यूबाचे, दोन्ही 1968चे, दोन्हींचं संकलन नेल्सन रॉद्रिगेझचं. 'मेमोरीज'च्या सुरुवातीचा नाच आठवा. ढोल, गर्दी, गोळी सुटते, माणूस पडतो आणि नाच चालूच. शेवटी एका बाईच्या चेहऱ्यावर चित्र गोठतं. पुढे तोच नाच परत येतो तेव्हा गर्दीत सिनेमाचा नायक सर्जिओ असतो. आधी बातमीसारखं बघितलेलं आता एका एकट्या माणसाचं होतं. ही जागा संकलकाची आहे.

जुना_प्रोजेक्टर: सर्जिओला गर्दीत उभा कुणी केला? दिग्दर्शकानं. सेन्सॉरनं कापलेल्या तुकड्यांच्या प्रसंगात तर आलेआ स्वतः पडद्यावर येऊन कोलाजची कल्पना सांगतो. आणि 'लुसिया'तली घोडेस्वारांची धुमश्चक्री होर्हे एरेराच्या कॅमेऱ्याची आहे. कॅमेरामनचं श्रेय कोण देणार?

मालिकेतली_कात्री: "सांगितलं तिथे कापतो" हे आमच्या मालिकांना लागू आहे! सासू दारात आली की सगळ्यांचे चेहरे तीन-तीनदा, वर धाडधाड आवाज. मी दोन चेहरे काढले तर सकाळी फोन, "एपिसोड कमी पडतोय, परत घाला."

पेठकर: अगदी! आणि ते पांढरे फ्लॅश! आई ते बघत बसते, मला दुसऱ्या खोलीत डोकं धरून बसावं लागतं.

मालिकेतली_कात्री: फ्लॅश आम्हाला हौस म्हणून नाही टाकावे लागत. रात्री दोनला एपिसोड द्यायचा असतो. बघणारे सोडत नाहीत, शिव्या आम्हाला.

पेठकर: म्हणजे दोष माझ्या आईचा? तोंड सांभाळून.

रीळवेडी: भांडण दुसरीकडे न्या. प्रोजेक्टरकाका, एरेराचा कॅमेरा थोरच. पण 'लुसिया'त तीन काळांतल्या तीन लुसियांच्या गोष्टी आहेत. ती धुमश्चक्री ज्यात आहे त्या 1895च्या भागात आधी दिवाणखान्यातल्या बायकांच्या गप्पा आहेत, मग ती लढाई, आणि 1960च्या दशकातल्या तिसऱ्या लुसियाची चाल तर जवळजवळ विनोदी. एकाच सिनेमात तीन चाली. त्याच वर्षी आलेआचा तुटक, स्वतःशी बोलणारा सर्जिओ. दोन दिग्दर्शक, स्वभावानं दोन टोकं, एकच संकलक. हुकमाचा ताबेदार असता तर दोन्हीकडे इतकं नेमकं जमलं असतं?

जुना_प्रोजेक्टर: तीन चालींचं मान्य, बाई. नाचाचं नाही. तो आलेआचाच.