मदत हवी आहे : रॉचडेलचा कापूस-दुष्काळ आणि आपल्याकडील नोंदी

इंग्लंडमधील ऐतिहासिक लँकेशायर परगण्यातील रॉचडेल या गिरण्यांच्या गावाचा इतिहास मी अभ्यासत आहे. १८६१ ते १८६५ च्या अमेरिकन यादवी युद्धात दक्षिणेतील बंदरांची नाकेबंदी झाली, कापूस येईनासा झाला आणि रणांगणापासून हजारो मैल दूर असलेल्या या गावातील कामगारांवर उपासमार ओढवली. तरीही त्यांतील अनेकांनी गुलामगिरीविरुद्ध लढणाऱ्या उत्तरेचीच बाजू घेतली, ही गोष्ट मला फार मोठी वाटते. उत्तरेतून मदत म्हणून आलेल्या पिठाचे एक पिंप तेथे जतन केलेले आहे. त्या काळी तिकडे ‘सुरत’ या नावाने गेलेल्या आखूड धाग्याच्या कापसात खानदेशचाही माल होता. अमेरिकेचा कापूस थांबल्याने आपल्याकडे आलेल्या कापसाच्या तेजीविषयीचा तत्कालीन मराठी वृत्तपत्रांतील मजकूर किंवा व्यापाऱ्यांच्या वह्या कोठे पाहता येतील, हे जाणकारांनी कृपया कळवावे.