पदोन्नतीला मॅटची अंतरिम स्थगिती, थेट हायकोर्टात जाऊ का?

प्रश्न (अव्वल कारकून, मराठवाडा):
नायब तहसीलदारपदाच्या निवडसूचीत माझं नाव आहे. पदस्थापनेचे आदेश निघणार, तोच एका सहकाऱ्याने सेवाज्येष्ठता यादीला मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) आव्हान दिलं आणि 'जैसे थे'चा अंतरिम आदेश झाला. मी त्या अर्जात प्रतिवादीही नाही. येत्या मे अखेर निवृत्त होतोय. सव्वीस वर्षं नोकरी करून हे पद हातातोंडाशी आलं होतं. उच्च न्यायालयात रिट टाकू का?

उत्तर (सेवाविषयक प्रकरणांचा वकील):
आधी मॅटमध्येच जा. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालानंतर मॅटच्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात दोन न्यायमूर्तींपुढे रिट चालते, हे खरं. पण आदेश अंतरिम असला की पहिला प्रश्न येतो, "स्थगिती उठवण्याचा अर्ज तिथे केला होता का?" म्हणून आदेशाची प्रमाणित प्रत आणि रोजनामा (प्रत्येक तारखेच्या कामकाजाची नोंद) काढा. पक्षकार करून घेण्याचा आणि स्थगिती उठवण्याचा, असे दोन्ही अर्ज सोबतच द्या.

रोजनामा बारकाईने वाचा. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, १९८५ च्या कलम २४ प्रमाणे समोरच्याला प्रत न देता, न ऐकता दिलेला अंतरिम आदेश अपवादानेच आणि कारणं नोंदवून देता येतो. दरम्यान सुनावणी होऊन तो पुढे चालू ठेवला नाही, तर १४ दिवसांनी संपतो. त्या दिवशी शासनाचे सादरकर्ता अधिकारी (मॅटमधले शासनाचे वकील) हजर असतील, तर मात्र 'न ऐकता आदेश दिला' हा मुद्दा लंगडा पडतो.

उत्तर (निवृत्त, महसूल आस्थापना):
वकीलसाहेबांशी सहमत. मागण्या दोन ठेवा. स्थगिती उठवा, ते जमत नसेल तर 'मूळ अर्जाच्या अंतिम निर्णयाच्या अधीन राहून' पदोन्नती देऊ द्या. माझा भर दुसरीवर. अर्जदार उद्या जिंकला तर त्याला मानीव दिनांक (मागच्या तारखेपासून पदोन्नती मिळाली असं धरणं) देता येतो, पण तुम्ही निवृत्त झाल्यावर त्या पदावर काम करायची संधी तुम्हाला कोण देणार? निवृत्तीची तारीख अर्जाच्या पहिल्याच पानावर ठळक लिहा, सेवापुस्तकातल्या जन्मतारखेच्या पानाची छायाप्रत जोडा. आस्थापनेत असताना हीच तारीख अर्जात कुठेतरी बाराव्या परिच्छेदात दडलेली बघायचो, फार चीड यायची. आणि शासनाच्या शपथपत्रासाठी शाखेच्या मागे लागा, रोज. ते दाखल होत नाही तोवर तारखा पडत राहतात आणि स्थगिती तशीच चालू राहते.

प्रश्नकर्ता:
मनापासून आभार. मॅटने अर्ज फेटाळला तर?

उत्तर (वकील):
मग संविधानाच्या कलम २२६ आणि २२७ खाली उच्च न्यायालयात रिट, अजिबात वेळ न दवडता. तिथेही पुष्कळदा गुणदोषांत न शिरता 'मूळ अर्ज अमुक मुदतीत निकाली काढा' एवढाच आदेश होतो. तेव्हा मे अखेरीच्या बऱ्याच आधीची मुदत मागून घ्या. आणि मॅटने तुमच्या बाजूने आदेश दिला, तर त्याच दिवशी उच्च न्यायालयात कॅव्हेट ('मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका' असा अर्ज) टाका. ते ९० दिवस चालतं. समोरचाही रिट करणारच.