मदत हवी आहे : कादंबरीतला फारामिर पडद्यावर बदलायलाच हवा होता का?

नमस्कार. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीतील फारामिर या गोंडोर राज्याच्या सेनानीवर मी लेख लिहीत असून एका मुद्द्यावर जाणकारांचे मत हवे आहे. १९५४ साली प्रकाशित झालेल्या ‘द टू टॉवर्स’ या दुसऱ्या खंडात, मोहात पाडणारी घातक अंगठी नष्ट करायला निघालेल्या फ्रोडोचा सोबती सॅम याच्या तोंडून तिचे गुपित निसटते, आणि तरीही, ही वस्तू वाटेत पडलेली दिसली तरी उचलणार नाही, हा आपला शब्द फारामिर पाळतो. गुपित कळताच तो ताडकन उभा राहतो, फ्रोडो आणि सॅम धास्तावतात, आणि मग तो पुन्हा खाली बसून हळूच हसू लागतो. एवढ्याशा हालचालीत त्याचा सारा स्वभाव उभा राहिला आहे.

पीटर जॅक्सन यांच्या २००२ च्या चित्रपटात मात्र तो दोघांना पकडून ऑस्गिलियाथ या उद्ध्वस्त शहरापर्यंत नेतो आणि मगच सोडतो. अंगठीचा मोह कोणी सहज झिडकारला तर तिची दहशत ओसरेल, हा पटकथेमागचा विचार मला समजतो. शेलॉब या महाकाय कोळिणीचा प्रसंग तिसऱ्या चित्रपटात गेल्यामुळे येथे वेगळा संघर्ष लागणार होता, हेही खरे. विस्तारित आवृत्तीतील वडिलांच्या उपेक्षेच्या प्रसंगाने त्याचे वागणे बरेचसे पटते. तरीही मूळचा विवेकी फारामिर हरवल्याची खंत जात नाही.

ज्याचा निर्णय मनात आधीच झालेला आहे, असे पात्र न बदलता पडद्यावर प्रभावीपणे उतरल्याचे उदाहरण कोणाला आठवते का? शक्य असल्यास नेमक्या प्रसंगासह सांगावे, ही विनंती.